खेळातल्या गावाची वाटणी

…आणि वर तोंड करून म्हणायचं काय, तर "वहिनी, त्यात काय एवढं? इकडचं तिकडे तर करायचं!" आता तुम्हीच सांगा, या जगात कुठली गोष्ट कधी नुसती इकडची तिकडे झालीय का हो? दुधाचं पातेलं शेगडीवरून टेबलापर्यंत न्यायचं तरी दोन थेंब फरशीवर सांडतात, झोपलेलं पोर या खांद्यावरून त्या खांद्यावर घ्यायचं तरी ते एक डोळा उघडून बघतं, आणि इथं तर अख्खं गाव हलवायचं होतं… गाव! नदी, नदीवर धरण, पूल, शाळा, दवाखाना, बसगाड्या, बागा, बागेतली बाकं, बाकांवर बसलेली रिकामटेकडी माणसं, सगळं. कुठून कुठं? तर मधल्या खोलीतल्या जुन्या कॉम्प्युटरमधून धाकट्याच्या नव्या घरातल्या नव्या कॉम्प्युटरमध्ये. थोरलीनं तेव्हाच तोंडातल्या टाचण्या काढून सांगितलं होतं, की भाऊजी, कपाट न्या, पलंग न्या, लागलं तर मलाही न्या, पण ते गाव जिथं वसलंय तिथं वसू द्या. ऐकतंय कोण?

पहिल्यापासून सांगते, म्हणजे त्या बाईचे हाल तुमच्या ध्यानात येतील.

दोघं भाऊ. थोरला पाण्याचे पंप दुरुस्त करतो, धाकटा मोठमोठ्या इमारतींतल्या लिफ्ट. म्हणजे एकानं पाणी वर चढवायचं आणि दुसऱ्यानं माणसं. थोरल्याची बायको, तीच ही आपली थोरली, घरी पडदे शिवते. ऑफिसांचे, दवाखान्यांचे, कुणाच्या लग्नाच्या घरातले… पडदा म्हणजे सरळ कापड असं वाटतं ना तुम्हाला? एकदा शिवून बघा. तर तिचं मशीन मधल्या खोलीत, मशीनला खेटून कॉम्प्युटरचं टेबल, आणि दोघांत मिळून विजेचा एकच बोर्ड, त्यामुळं हिनं इस्त्री लावली की त्यांचा पंखा बंद आणि त्यांनी स्पीकर लावला की हिचा दिवा बंद. धाकटी चष्म्याच्या दुकानात कामाला. आणि सासूबाई सगळ्यांवर देखरेखीला. घर केवढं, तर फ्रिजचं दार उघडलं की न्हाणीघरातल्या माणसानं आतच थांबायचं. अशा घरात इतकी वर्षं पाचजण राहिले आणि एकानं दुसऱ्याचा जीव घेतला नाही, हेच पुष्कळ. शेवटी धाकट्यानं बसचे काही थांबे सोडून दुसरं घर बघितलं. भांडून नाही हं. अगदी हसतखेळत.

पण थोरलीला भीती वाटली ती त्या हसतखेळतचीच. का? तर या घराण्याला एक खोड होती. हिचे सासरे आणि त्यांचे सख्खे भाऊ, तेही असेच हसतखेळत वेगळे झाले होते, आणि मग एका शिडीवरून बोलणं तुटलं. शिडीवरून! कुणी म्हणे न विचारता नेली, कुणी म्हणे विचारून नेली पण पायरी मोडून आणली. सासरे गेले तेव्हा चुलतसासरे कोपऱ्यापर्यंत आले, दिव्याच्या खांबाला हात टेकून उभे राहिले, आणि आत न येता तसेच परत गेले. थोरलीनं ते खिडकीतून डोळ्यांनी बघितलेलं. तेव्हापासून तिनं मनाशी धरलं होतं, या दोघांची घरं वेगळी होवोत, चुली वेगळ्या होवोत, पण बोलणं तुटायला नको. बाकी काही मागत नव्हती ती बाई.

आणि वाटणी कशी झाली म्हणता? लोणी! पातेली वाटली, पलंग वाटले, चांगला मिक्सर धाकटीला गेला आणि करकरणारा थोरलीनं आपणहून ठेवून घेतला. सासूबाईंनी कुठं राहायचं यावरही वाद नाही, थोडे दिवस इथं, थोडे दिवस तिथं. सासूबाई तेवढ्या म्हणाल्या, "म्हणजे मलापण इकडची तिकडे करणार." पण त्या हसून म्हणाल्या, म्हणून कुणी मनावर घेतलं नाही. थोरलीला वाटलं, सुटलो. आणि नेमकं तेव्हा धाकट्यानं डोकं खाजवत काढलं, दादा, ते आपलं गाव…

आता ते गाव म्हणजे काय ते ऐका. कॉम्प्युटरवरचा खेळ तो. मोकळी जमीन मिळते आणि त्यावर तुम्ही वस्ती करायची, रस्ते काढायचे, पाणी द्यायचं, वीज द्यायची, लोक राहायला येतात आणि मग आयुष्यभर तक्रारी करतात. खऱ्या गावात काय वेगळं असतं? पण या दोघांनी लग्नाआधीपासून ते वसवलेलं. आधी थोरली, मग धाकटी लग्न होऊन घरात आली, वडील गेले, थोरल्याच्या कानशिलावर पांढरं आलं, गाव आपलं वाढतच होतं. कामावरून आले की हातपाय धुतले न धुतले, दोघं जाऊन बसायचे. थोरल्याच्या हातात माऊस आणि धाकट्याच्या तोंडात हुकूम. इथं पूल टाक, तिथं शाळा दे, अरे इतक्या जवळ कारखाना नको, पोरं खोकतील. कुणाची पोरं? चित्रातली! पुलाला वडिलांचं नाव दिलं. मग सासूबाई म्हणाल्या, माझं नाव कशाला दिलंत? दोघांनी एकमेकांकडे बघितलं. त्या दिवशी सगळ्यांत मोठी नवी इमारत होती सांडपाण्याच्या प्रकल्पाची. दिलं! सासूबाई महिनाभर दोघांशी ताठ होत्या.

तर हे गाव न्यायचं. थोरला म्हणाला, ने की, तुझंही आहे ते. किती चांगलं बोलला बघा माणूस. आणि ही तर अशी चीज की वाटली तरी कमी होत नाही, कॉपी केलं की याच्याकडेही आख्खं, त्याच्याकडेही आख्खं. पातेल्याचं असं झालं असतं तर जगातल्या निम्म्या जावा आज एकमेकींशी बोलत असत्या. थोरलीला बरं वाटलं. म्हणाली, कितीसा वेळ लागेल? दोघं एका सुरात… इकडचं तिकडे तर करायचं!

सरळ मार्ग काय होता? खेळाची सीडी काढायची, नव्या कॉम्प्युटरमध्ये घालायची, झालं. पण ती सीडी कितीतरी वर्षं तेलाच्या बरणीखाली होती, ओट्याला डाग पडू नये म्हणून. कुणी ठेवली विचारू नका, सगळ्यांनी सासूबाईंकडे बघितलं आणि सासूबाईंनी छताकडे. आणि हा खेळ आता नवा कुठं मिळेना. मग ठरलं, जसा आहे तसा उचलून न्यायचा. खेळाचं म्हणे एक फोल्डर असतं, म्हणजे खोलीच समजा, ती सामानासकट पेनड्राइव्हवर घालायची. घातली. तर पेनड्राइव्ह म्हणतो, यातली एक फाईल फार मोठी आहे, मी घेणार नाही. जागा आहे की नाही? आहे, भरपूर आहे. मग? जागा आहे पण एवढी मोठी वस्तू एका वेळी आत येणार नाही! आणि गंमत बघा, त्याच क्षणी बाहेर हमाल ओरडतोय, की कपाट दारातून निघत नाही, आडवं करू का उभं? थोरली म्हणाली, दोघांना एकच उत्तर द्या. हमालानं कपाटाची दारं उतरवली आणि कपाट निघालं. पेनड्राइव्हला दारं नव्हती. धाकट्यानं मग मोठी हार्ड डिस्क आणली कामावरच्या एका मित्राची.

आणि ती हिरवी पट्टी सुरू झाली. बघितलीय ना तुम्ही, किती काम झालं ते दाखवते ती? खोटारडी मेली! आधी म्हणते काही मिनिटं. तुम्ही आपले उभेच राहता, आता होईल म्हणून. मग म्हणते तास. मग म्हणते दिवस! मग परत मिनिटं. अगदी पाहुण्यांसारखं, निघतो निघतो म्हणत दारात चप्पल घालून तासभर बोलणारे. सामानाचा टेम्पो खाली हॉर्न देतोय, धाकटी हातात आरसा धरून जिन्यात उभी, थोरलीला इस्त्री लावायचीय पण लावता येत नाही, कारण बोर्ड एकच आणि वीज दचकली तर म्हणे सगळं पहिल्यापासून. शेवटी पट्टी भरली. धाकट्यानं डिस्क रुमालात गुंडाळून शर्टाच्या खिशात घातली आणि निघताना थोरल्याच्या पाया पडला. थोरल्यानं त्याच्या खांद्यावर हात ठेवला. थोरलीनं पदरानं डोळे पुसले. म्हणाली, झालं बाई एकदाचं.

कसलं झालं! नमनालाच घडाभर तेल गेलं होतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी धाकटीचा फोन. ताई, हे कालपासून जेवले नाहीत नीट. काय झालं? तर खेळ उघडला म्हणे. गाणं वाजलं. चित्रं आली. आणि गाव नाही! नुसती जमीन. नदी आहे, काठाला झाडं आहेत, एक पूल नाही, एक घर नाही, माणूस औषधाला नाही. इतक्या वर्षांची वस्ती आणि नांगरून ठेवल्यासारखं मैदान. थोरलीनं हातातली कात्री खाली ठेवली. तिकडून धाकट्यानं फोन घेतला आणि आवाज जरा बदललेला… "वहिनी, दादाकडे गाव दिसतंय का, तेवढं बघा." हिनं बघितलं. दिसणारच. बसगाड्यासुद्धा फिरत होत्या. हिनं आपलं भोळेपणानं सांगून टाकलं, हो भाऊजी, इथं आहे की सगळं. तिकडून फोन बंद. थोरलीला तेव्हाच कळलं, आपण काहीतरी बोलून बसलो.

संध्याकाळी धाकटा आला तो चहाला नाही म्हणत आला. उभ्याउभ्याच. म्हणाला, दादा, द्यायचं नव्हतं तर तसं सांगायचं होतंस. खेळ दिलास आणि गाव काढून घेतलंस.

आता थोरल्याच्या तोंडाकडे बघायला हवं होतं तुम्ही. आयुष्यात कुणाच्या पंपाचा साधा वायसर बदलला तरी जुना वायसर गिऱ्हाइकाच्या हातात ठेवणारा माणूस तो. खुर्ची ओढली आणि शोधायला बसला. इथलं फोल्डर उघड, तिथलं उघड, आतल्यात आतलं उघड… आणि सापडलं. काय होतं सांगू? खेळ राहतो एका खोलीत आणि खेळात तुम्ही केलेलं काम, तो सगळा संसार, राहतो भलत्याच खोलीत. पार दुसऱ्या टोकाला, फोटो आणि विजेची बिलं ठेवतात ना, त्याच्या शेजारी. ज्यानं खेळ केला त्याला असली अवदसा का आठवली, देव जाणे. यांनी घर उचलून नेलं होतं आणि संसार मागं राहिला होता. बघा, कुणाचा दोष? कुणाचाच नाही. हसायचं, डिस्क लावायची, न्यायचं. हे दुसरं फोल्डर तर चिमूटभर, एका क्षणात झालं असतं. थोरली तर चहा ठेवायला उठलीसुद्धा. म्हणाली, हात्तिच्या, मग काय राहिलं, इकडचं तिकडे तर करायचं!

बोलली आणि तिथंच चुकली. कारण थोरल्यानं कॉपी नाही केलं. त्यानं कट केलं. कॉपी आणि कट यातला फरक ठाऊक आहे ना? कॉपी म्हणजे तुला एक, मला एक. कट म्हणजे इथून मुळासकट उपटून तिथं लावलं, इथं काही शिल्लक नाही. धाकट्याला ते पडद्यावर दिसलं. म्हणाला, अरे दादा, कॉपी कर ना. थोरला त्याच्याकडे न बघता म्हणाला, "आळ घेतलास ना? आता सगळंच ने. माझ्याकडे काही राहिलं असं नको." आणि धाकटा… त्याच आईचा ना तो? एक शब्द बोलून नको म्हणायचं होतं. तेही म्हणाला नाही. डिस्क काढली, खिशात घातली, गेला. पाया पडायचं तर सोडाच, दारसुद्धा त्यानं हळूच लावलं. आपटलं असतं तर बरं वाटलं असतं. दार आपटणारी माणसं परत येतात हो.

स्वयंपाकघरात चहा उतू गेला. सासूबाई ओट्याशी उभ्या होत्या. फडक्यानं पुसता पुसता एवढंच म्हणाल्या, "शिडीच्या वेळीपण असंच हळूच लावलं होतं दार."

मग पुढचे दिवस काय विचारता! थोरला कामावरून यायचा, हातपाय धुवायचा, सवयीनं त्या खुर्चीत बसायचा, खेळ लावायचा. रिकामी जमीन. हातात माऊस. आणि नुसता बसून राहायचा. एक रस्ता काढायचा, पुसायचा. परत काढायचा. शेजारची खुर्ची रिकामी, तिच्यावर थोरलीचे शिवलेले पडदे. तिकडे काय? धाकटी सांगायची ना फोनवर, दबक्या आवाजात, दुकानातल्या काऊंटरमागून… ताई, गाव घेऊन आलेत पण चालवता येत नाही. गाव वसवताना कधी माऊस हातात धरलाय का त्यांनी? नुसती तोंडाची मुलूखगिरी! शाळा ठेवायला गेले ती नदीत ठेवली. बसगाड्या एका चौकात सगळ्या अडकल्यात. कचरा साठलाय, लोक गाव सोडून चाललेत. म्हणजे बघा हां, एकाकडे हात आणि गाव नाही, दुसऱ्याकडे गाव आणि हात नाही. बरं, जाऊन सांगावं एकमेकांना? नाव काढायचं नाही! थोरली नवऱ्याला म्हणायची, अहो, एक फोन करा. तो म्हणायचा, त्यानं करावा. तिकडे धाकटी म्हणायची, फोन करा. तो म्हणायचा, दादानं करावा. पालथ्या घड्यावर पाणी! सासूबाईंचा तिकडे जायचा दिवस आला तर त्या म्हणाल्या, मी नाही जात, मी मधे बसते, जिन्यात.

आणि थोरलीला काय व्हायचं, तर संध्याकाळी दिवे लागले की तिची नजर उगीच खिडकीतून त्या कोपऱ्यावरच्या खांबाकडे जायची. कुणी उभं नसायचं. तरी जायची.

असे आठवडे गेले. आणि एका रविवारी, भर दुपारी, हिच्या अंगावर काम केवढं, दवाखान्याच्या वॉर्डचे पडदे, दुसऱ्या दिवशी सकाळी माणूस न्यायला येणार, तोंडात टाचण्या, मांडीवर हिरवं कापड जमिनीपर्यंत लोळतंय, आणि फोन वाजला. हिचा हं, थोरल्याचा नाही. धाकटा. म्हणाला, वहिनी, दादाला कळू देऊ नका, पण धरण फुटायला आलंय.

थोरली दचकलीच. कुठलं धरण?

आपल्या गावचं, म्हणाला. मी दरवाजे उघडायला गेलो ते भलतेच उघडले, पाणी पुलापर्यंत आलंय, काय करू?

आता हिला धरणातलं काय कळणार? पण थोरला तिथंच बसलेला, रिकाम्या जमिनीवर रस्ता काढत. हिनं टाचण्यांच्या फटीतून, जणू हवापाण्याच्या गप्पा मारतेय अशा आवाजात विचारलं, अहो, सहज विचारते, एखाद्याच्या गावात पाणी शिरलं तर काय करतात? थोरल्यानं मान वळवली नाही. म्हणाला, कुणाच्या? ही म्हणाली, कुणाच्या नाही हो, सहज. थोरला म्हणाला, ज्या कुणाच्या नाही त्याला सांग, आधी धरणाच्या वरच्या अंगाचे दरवाजे बंद कर. हिनं फोनमध्ये सांगितलं. तिकडून आलं, दादाला… म्हणजे जे कुणी सांगतंय त्यांना विचारा, वरचं अंग कुठलं? हिनं इकडं विचारलं. इकडून, वरचं अंग कुठलं हे ज्याला कळत नाही त्यानं धरण कशाला बांधावं, विचार त्याला. हिनं विचारलं. तिकडून, धरण मी नाही बांधलं, ज्यानं बांधलं त्यानं अर्धवट सोडून दिलं, सांगा त्यांना. आणि लक्षात घ्या, खोली केवढीशी, हिचे हात कापडात गुंतलेले म्हणून फोनचा स्पीकर चालू, दोघांनाही दोघांचं सगळं स्वच्छ ऐकू येतंय! तरी प्रत्येक शब्द या बाईच्या तोंडातून गेला पाहिजे. एक वाक्य तिकडचं घ्यायचं, इकडं टाकायचं, इकडचं घ्यायचं, तिकडं टाकायचं, वर तोंडात टाचण्या. तेवढ्यात तिकडून आलं, वहिनी, आईचा प्रकल्प पाण्याखाली गेला. सासूबाई आतून म्हणाल्या, बरं झालं.

आणि तुम्हाला सांगते, थोरलीला त्या क्षणी एवढा थकवा आला… एवढा, की राग यायलासुद्धा अंगात जोर नव्हता. भांडण मिटवायचं, युक्ती करायची, असलं काही तिच्या मनातसुद्धा नव्हतं. तिला समोर फक्त वॉर्डचे पडदे दिसत होते. तिनं फोन मशीनच्या फळीवर ठेवला, कापड ओढलं आणि मशीन सुरू केलं. आणि तिचं मशीन म्हणजे काय, जाड कापडावर चाललं की खालच्या मजल्यावरची भांडी वाजतात! थोरला म्हणाला, अगं, तो काय म्हणतोय? हिला ऐकूच गेलं नाही. तिकडून धाकटा ओरडतोय, वहिनी, दादा काय म्हणाला? हिला ऐकूच गेलं नाही. ही आपली शिवतेय, शिवतेय, शिवण सरळ धावतेय, डोळे कापडावर. थोरला उठला, बसला, पुन्हा उठला. तिकडून आवाज आला, पाणी शाळेत शिरलं… आणि मग त्यानं फळीवरचा फोन उचलला, दुसऱ्या कानावर हात दाबला आणि साऱ्या जिन्याला ऐकू जाईल असा ओरडला, "अरे गाढवा, उजवं बटण नाही, डावं दाब!"

मशीन थांबलं. खोलीत एकदम शांत झालं.

मग धाकट्याचा आवाज, अगदी लहान असल्यासारखा. "दाबलं रे दादा. थांबलं पाणी."

थोरला फोन तसाच कानाला धरून उभा. म्हणाला, जेवलास का? आणि थोरलीनं टाचण्या तोंडातून काढून मशीनवरच्या छोट्या उशीत खोचल्या, एकेक करून, कारण तोंड वाकडंतिकडं व्हायला लागलं होतं आणि टाचण्या टोचल्या असत्या.

आता तुम्ही म्हणाल, गोड झालं. झालं ना! धाकटा तसाच बसनं आला, गाव खिशात घेऊन. या वेळी कॉपी केलं, नीट, दोघांनी एकत्र बसून, तीनतीनदा तपासून. आता त्याच्याकडे एक गाव, याच्याकडे एक गाव, सारखंच, वेगळं केलेल्या जुळ्यांसारखं. आळ नाही, रुसवा नाही. थोरलीला वाटलं, आता हा आपलं गाव वाढवेल, तो आपलं वाढवेल, अधूनमधून एकमेकांना दाखवतील, संपलं.

कसलं संपतंय! दोघांनी ठरवलं काय, तर गाव एकच आहे, फक्त दोन घरांत राहतं. म्हणून जे इथं करायचं ते तिथंही, त्याच वेळी, तसंच्या तसं. रोज संध्याकाळी हातपाय धुतले न धुतले की फोन. तो हुकूम सोडतो, हा आधी इथं करतो, मग त्याला शिकवतो, हां, आता डावं दाब, आता खाली ओढ, अरे हळू. मग मेळ घालतात. तुझ्या बागेत झाडं किती? मोज. माझ्यात एक जास्त कसं? कापू की तू लावतोस? एका झाडावरून जेवणं गार होतात! आणि फोन कुणाचा? थोरल्याच्या फोनचा स्पीकर खरखरतो, म्हणून हिचा. पडद्यांची गिऱ्हाइकं फोन लावतात ती आपली लावतच राहतात. काही बोलायला जावं तर मान न वळवता उत्तर ठरलेलं, झालंच गं, आज तिकडे जे केलंय तेवढं इकडे करायचं, इकडचं तिकडे…

परवा थोरल्यालाच दया आली. बायकोकडे बघून म्हणाला, दमलीस ना? आज बंद करतो. आणि फोनमध्ये सांगितलं, ठेवतो रे, वहिनी दमलीय तुझी. तिकडून काळजीनं आलं, अरे ठेव ठेव, विश्रांती घेऊ दे त्यांना. हिनं फोनसाठी हात पुढं केला. तर हा म्हणतो, हो, ठेवतो… पण ती बसगाडी वळवलीस का? तो म्हणतो, वळवली, ठेव तू… पण त्या पुलाचं काय? त्या 'ठेवतो'मध्ये थोरलीनं एक आख्खा पडदा कापला, शिवला, इस्त्री केला आणि घडी घालून बाजूला ठेवला, तरी फोनसाठी पुढं केलेला हात रिकामा तो रिकामाच.

इतके दिवस जीव टांगणीला लावून बसली होती ती बाई, की या दोघांचं बोलणं बंद व्हायला नको. आता कुणीही भेटलं की एवढंच विचारते, भांडण मिटवायला निदान चार माणसं मधे पडतात हो… ही गोडी थोडी आवरा म्हणून सांगायला कुणाला बोलावू?